अंडर प्रोटेस्ट

नानांच्या हातात चहाचा कप दिला की ते आधी कपात बघतात, मग माझ्याकडे बघतात. "साखर जरा कमीच दिसतीय," म्हणतात. "असू दे. घेतो अंडर प्रोटेष्ट."

हे दोन इंग्रजी शब्द नाना 1986 साली शिकले आणि तेव्हापासून एकही गोष्ट त्यांनी मुकाट घेतलेली नाही. थोरल्या मुलाच्या लग्नात व्याह्यांनी टॉवेल-टोपी दिली. टॉवेल आखूड निघाला, तो अंडर प्रोटेस्ट घेतला. मोतीबिंदूचं ऑपरेशन झाल्यावर डॉक्टरांनी पट्टी काढून विचारलं, "दिसतंय का आजोबा?" तर म्हणाले, "दिसतंय, पण अंडर प्रोटेष्ट." डॉक्टर तरुण होता. त्याने घाबरून पुन्हा डोळा तपासला. नानींनी वाढलेलं पिठलं, नातवाने आणलेला मोबाइल, शाळेत पंधरा ऑगस्टला मिळालेला नारळ, सगळ्यावर हाच शेरा.

नवख्याला ही नुसती लकब वाटते. तिच्यामागे 1894 सालचा भूसंपादन कायदा उभा आहे. सरकारने जमीन घेतली, निवाडा झाला आणि पैसे हातात पडायची वेळ आली, की पावतीवर सही करताना ‘हरकत राखून’ असं लिहायला लागायचं. नाही लिहिलं, तर कलम 18 खाली कोर्टात जाऊन वाढ मागायचा हक्क संपला. एवढी मोठी गोष्ट, पण कचेरीत कोणी आपणहून सांगेल तर शपथ. आमच्या गावच्या अकरा खातेदारांना एकाच दिवशी पैसे वाटले. दहा जणांनी सह्या-अंगठे केले, नोटा मोजल्या, स्टँडवर भजी खाल्ली आणि मुक्कामाच्या एस.टी.ने घरी आले. नाना रांगेत शेवटचे होते. कचेरीबाहेर लिंबाखाली टाइपरायटर मांडून बसणाऱ्या अर्ज लिहिणाऱ्याने एका चहाच्या मोबदल्यात हे दोन शब्द त्यांच्या कानात सांगितले, आणि नानांनी ते पावतीवर देवनागरीत, शाई मागच्या पानावर उमटेल इतक्या जोराने लिहिले. कारकून म्हणाला, "हे काय?" नाना म्हणाले, "मला तरी कुठं म्हाईत. पण राहू द्या."

असे नाना तालुक्या-तालुक्याला असतात. कोकणात ते तात्या होतात आणि रस्त्यात गेलेल्या काजूच्या कलमांचा हिशेब घेऊन फिरतात. विदर्भात भाऊ होतात आणि संत्र्याच्या झाडांची यादी बाळगतात. ओळखायची खूण म्हणजे पिशवी. आमच्या नानांची पिशवी खताच्या गोणीची आहे, नानींनी हाताने शिवलेली. तिच्यावर अजून ‘युरिया’ एवढी अक्षरं शिल्लक आहेत. आत प्लास्टिकमध्ये गुंडाळलेला सातबारा, आठ-अ, फेरफारांच्या नकला, गटाचा नकाशा, मोजणीचे कागद आणि सगळ्यांत खाली, साडीच्या खोक्यात, निवाड्याची सही-शिक्क्याची नक्कल. एस.टी.त नाना स्वतः उभे राहतील, पण पिशवीला खिडकीची जागा धरतील. एकदा कंडक्टरने पिशवी खाली ठेवायला सांगितली तेव्हा नाना त्याला म्हणाले, "बाबा, ही पिशवी न्हाई, हे तीन एकर बारा गुंठं हाये."

त्या तीन एकर बारा गुंठ्यांची गोष्ट बहात्तरच्या दुष्काळापासून सुरू होते. आमच्या भागातल्या बहुतेक गोष्टी तिथूनच सुरू होतात. लाल मिलो आणि सुकडी खाऊन माणसं खडी फोडत होती. त्या वेळी गावाच्या वरच्या अंगाला ओढा अडवून पाझर तलाव घ्यायचं ठरलं. गावाला पाणी हवं होतं, लोकांना काम हवं होतं. कचेरीतून साहेब आले, पारावर बसले, आणि ओढ्याकाठच्या शेतकऱ्यांनी ताबेपावत्यांवर अंगठे दिले. मोबदल्याचं मागाहून बघू, असं ठरलं. नानांच्या वडिलांनीही अंगठा दिला. त्या वेळी नाना बावीस वर्षांचे होते आणि त्याच कामावर रोजाने होते. म्हणजे स्वतःच्या रानात, स्वतःच्या हाताने, सरकारच्या मजुरीवर ते खड्डा खणत होते. ही हकीकत सांगताना ते अजून हसतात. "मुकादम म्हणायचा, नीट खण रं. मी म्हणायचो, माझंच हाये, नीटच खणतो."

तलाव झाला, भरला, पाझरला, खालच्या विहिरींना पाणी वाढलं. संपादनाची कलम 4 ची अधिसूचना निघाली ती 1983 साली. आधी बारसं आणि मग साखरपुडा. त्यातही गंमत अशी, की जमिनीचा भाव ठरायचा तो या कलम 4 च्या तारखेचा. नाना म्हणतात, ही तारीख म्हणजे जमिनीची जन्मवेळ, पाच मिनिटं इकडंतिकडं झाली तर पत्रिका फिरते. बरं, मग ताबा दिल्यापासून अधिसूचना निघेपर्यंतची वर्षं? ती वर्षं सरकारने जमीन फुकट वापरली काय? तर नाही, त्या काळाचं भाडं द्यावं लागतं. हे कळलं त्या दिवशी नाना गावात शिरले ते वेगळ्याच चालीने. पारावर बसून त्यांनी जाहीर केलं, की महाराष्ट्र शासन आपलं भाडेकरू आहे, आणि थकबाकीदार आहे. तेव्हापासून वर्तमानपत्रात मंत्र्याचा फोटो आला की ते, "आमचा भाडेकरू काय म्हणतोय बघू," असं म्हणून चष्मा लावतात. मंत्रिमंडळं किती आली आणि गेली. नानांच्या लेखी भाडेकरू तोच आहे, फक्त खोलीत माणसं बदलतात.

पण नानांचं खरं दुखणं भाडं नव्हतं आणि भावही नव्हता. विहीर होती.

1967 साली वडिलांनी त्या रानात विहीर खणली होती. दगडी बांधणीची, आठ परस. वर मोट होती, पुढे इंजिन आलं. कांदा निघायचा, ऊसही एकदा करून बघितला होता. निवाडा हातात पडला तेव्हा त्यात जमिनीची प्रत लिहिली होती ‘जिरायत’ आणि विहिरीच्या रकान्यात लिहिलं होतं ‘निरंक’. नानांना निरंक हा शब्द ठाऊक नव्हता. त्यांना वाटलं काहीतरी चांगलं असणार, देवाच्या नावासारखं. निरंक म्हणजे ‘काही नाही’ हे कळल्यावर ते दोन दिवस जेवले नाहीत, असं नानी सांगतात. नाना म्हणतात, एकच दिवस.

झालं होतं असं, की पाहणीला साहेब आले तेव्हा तलाव होऊन दहा वर्षं लोटली होती आणि दिवस होते गणपतीनंतरचे. साहेब बांधावर उभे राहिले. समोर पाणीच पाणी, त्यात बगळे.

"विहीर कुठाय?"

"पाण्यात हाये, साहेब."

"पाण्यात विहीर कशी दिसेल?"

"इहिरीत जसं पाणी असतं, तशी पाण्यात इहीर हाये."

साहेबांना हे उद्धट वाटलं. पंचनाम्यात आलं, ‘विहीर आढळून आली नाही.’

तिथून पुढे नानांच्या आयुष्यात एक नवा सण आला. दरवर्षी मे महिन्यात तलाव आटतो आणि मध्यभागी विहिरीचं दगडी कडं वर येतं, एखादी म्हैस पाठ वर काढते तसं. नानी जाऊन कड्याला हळदकुंकू लावतात. नाना हातात त्या दिवसाचं वर्तमानपत्र धरून कड्यावर उभे राहतात आणि फोटो काढून घेतात. आधी तालुक्याहून फोटोग्राफर यायचा, आता नातू मोबाइलवर काढतो. पिशवीत असे तीसेक फोटो आहेत. ते एकापुढे एक लावले तर नाना हळूहळू म्हातारे होताना दिसतात, विहीर आहे तशीच. दरवर्षी मार्चमध्ये नाना अर्ज करायचे, की कृपया मे महिन्यात फेरपाहणीस यावे. दरवर्षी सप्टेंबरात कोणीतरी यायचं. एका वर्षी मात्र एक भले साहेब खरोखर मे महिन्यात यायला तयार झाले. तारीख ठरली. नानींनी पुरण घातलं. आदल्या रात्री वळीव असा कोसळला, की सकाळी तलावात पुन्हा बगळे. साहेब बिचारे बांधावर उभे राहून पुरणपोळी खाऊन गेले. नाना अजून म्हणतात, "माणूस चांगला होता. पावसानं घात केला. पावसावर कलम न्हाई."

कोर्टात 2003 साली निकाल लागला. जमिनीचा दर वाढला, पण विहीर पंचनाम्यात नाही म्हणून नाहीच. दुसरा कोणी असता तर वाढीव दरावर पेढे वाटून गप्प बसला असता. नानांनी त्या आठवड्यात केलं काय, तर त्या दहा भजीवाल्यांची घरं पालथी घातली. 1984 सालच्या दुरुस्तीने कायद्यात कलम 28-अ आलं होतं. शेजाऱ्याला कोर्टाने वाढ दिली, तर त्याच अधिसूचनेतल्या ज्यांनी कलम 18 चा अर्ज केलाच नाही, त्यांनाही वाढ मागता यायची. अट एकच, निकालापासून तीन महिन्यांच्या आत अर्ज पाहिजे. दहांतले चार वारले होते. त्यांचे वारस कोणी भिवंडीला, कोणी घाटकोपरला. नानांनी स्वतःच्या खर्चाने मुंबई केली, माथाडीच्या चाळीत रात्री मुक्काम केला आणि दहाच्या दहा अर्ज मुदतीत दाखल केले. त्यातल्या एकाने ‘एवढ्यासाठी काय आमची झोप मोडली’ म्हणून त्यांना शिव्या दिल्या. त्याचाही अर्ज भरला. वर त्याच्या शिव्या कुठल्या तारखेला खाल्ल्या, ते वहीत लिहून ठेवलं.

तारखा लिहून ठेवणं हा नानांचा दुसरा रोग. त्यांच्या घरात पाकिटं टाकत नाहीत. नोटीस किंवा निकाल वेगळा, पाकीट वेगळं, आणि दोन्हींत महत्त्वाचं पाकीट, कारण पोस्टाचा शिक्का त्याच्यावर. कलम 18 चा अर्ज नोटीस मिळाल्यापासून सहा आठवड्यांत करावा लागायचा. सहा आठवडे कधीपासून, हे सांगणारा एकच साक्षीदार म्हणजे तो गोल काळा शिक्का. परिणाम असा, की नानांच्या घरी लग्नपत्रिकांचीही पाकिटं आहेत, विजेच्या बिलांची आहेत, राख्यांची आहेत. "सख्ख्या बहिणीची राखी कधी पोचली, त्याचं काय करणार तुम्ही?" मी एकदा विचारलं. ते म्हणाले, "हक्कसोड करून दिलाय तिनं. उद्या म्हणाली भावानं विचारलं न्हाई, तर?"

लग्नपत्रिकांच्या पाठीवर ते व्याज मांडतात. जुन्या कायद्यात वाढीव रकमेवर पहिल्या वर्षी 9 टक्के आणि पुढे 15 टक्के व्याज आहे. कधीपासून धरायचं यावरच अनेक वर्षं गेली, पण आकडा नानांना तोंडपाठ. बँकेतल्या माणसाने त्यांना ठेव ठेवायला सांगितली तर त्याच्याकडे त्यांनी दयेने पाहिलं. "तू सात देणार. आमचा भाडेकरू पंधरा देतोय." नानी कपाळाला हात लावतात. "देतोय कुठं? देणार हाये."

आणि दिलासा! भूसंपादनात बाजारभावावर एक रक्कम वेगळी मिळते, सक्तीने जमीन घेतल्याबद्दल. तिला कागदोपत्री दिलासा रक्कम म्हणतात. नानांचा यावर एक छोटेखानी कीर्तनाचा कार्यक्रम आहे. तो ते पारावर, दवाखान्यात, दहाव्याला, कुठेही करतात. "पूर्वी दिलासा 15 टक्के होता. म्हंजे माणसाला दुःख व्हायचं पंधरा टक्के. 1984 ला वाढवला, 30 केला. आमचं दुःख तीस टक्क्याचं. आणि 2013 च्या नव्या कायद्यात किती? शंभर! आता ज्याची जमीन जाती त्याला पूर्ण दुःख होतं. आम्हाला सत्तर टक्के आनंद झाला असं सरकारचं म्हणणं हाये."

नव्या कायद्याने नानांचा जीव तसा हळहळतो. 1 जानेवारी 2014 पासून तो लागू झाला, आणि आपण तीस वर्षं लवकर जन्माला आलो असं त्यांना वाटू लागलं. त्यात समृद्धी महामार्ग आला. नानांचे मेहुणे कोपरगावकडचे. त्यांचं रान त्या 701 किलोमीटरच्या रेघेत सापडलं. तिथे थेट खरेदी होती. संमती दिली, खरेदीखत झालं, पैसे खात्यावर. दराची पाचपटीपर्यंतची भाषा. मेहुण्यांनी बंगला बांधला, पांढरी चारचाकी घेतली आणि ती घेऊन नानांना भेटायला आले. नाना गाडीभोवती एक फेरी मारून आले आणि ओसरीवर बसले. "किती वर्षं लागली?" त्यांनी विचारलं. मेहुणे म्हणाले, "वर्षं? काही महिने." नाना बराच वेळ बोलले नाहीत. मग मला बाजूला घेऊन, कुणाला दुर्धर आजार झाल्याचं सांगावं तसं म्हणाले, "त्याला एक कलम धड सांगता येत न्हाई रे."

थट्टा पुरे. एक संध्याकाळ मला विसरता येत नाही. सेनापती बापटांचं पारनेर आमच्याकडून एका एस.टी.च्या अंतरावर. नानांना त्याचा भारी अभिमान, जणू बापट त्यांच्याच भावकीतले. त्या दिवशी कोर्टात नुसतीच पुढची तारीख पडली होती आणि ते माझ्याकडे येऊन बसले होते. मुळशीचा विषय निघाला. 1921 सालचा बापटांचा सत्याग्रह, टाटांच्या धरणाविरुद्ध. नाना म्हणाले, "त्यांची घोषणा काय होती? जान किंवा जमीन. आन आपली? दर वाढवा." मग स्वतःशीच, "आमच्या बापानं अंगठा दिला तो मनानं दिला बरं का. गावाला पाणी हवं होतं. नको म्हणायचं कुणाच्या डोक्यातबी आलं न्हाई. इहीर होती एवढं लिहा, म्हणतोय मी." मग एकदम उठले. "शेंगा दे चार. गाडी जाईल."

शेंगा म्हणजे माझ्या दारच्या शेवग्याच्या. माझं घर तालुक्याच्या गावात, स्टँडजवळच्या रस्त्याला लागून. तारखेच्या दिवशी नानांचा विसावा ठरलेला. जाताना चार शेंगा पिशवीत, निवाड्याच्या शेजारी. "बारीक हायेत यंदा. नेतो अंडर प्रोटेष्ट." 2022 साली पंचाहत्तरीच्या पुढच्यांना एस.टी. फुकट झाली तेव्हा नानांचं वय थोडं कमी पडलं. त्याचीही त्यांनी हरकत नोंदवली, तोंडी. आता प्रवास फुकट आहे, आणि प्रत्येक फेरीचं वाचलेलं तिकीट ते ‘भाडेकरूकडून आलेला हप्ता’ म्हणून वहीत जमा धरतात.

विहिरीचा गुंता सुटला तो नानींमुळे. सासऱ्यांची जुनी ट्रंक डांबराच्या गोळ्या घालायला उघडली, तर तळाशी घडी घातलेला एक कागद निघाला, तगाईच्या हप्त्याची पावती. 1967 साली विहिरीसाठी सरकारने तगाई दिली होती आणि तिचे हप्ते पुढे कित्येक वर्षं वसूल केले होते. शेवटचे काही हप्ते तर विहीर तलावाच्या पोटात गेल्यानंतरचे. म्हणजे एका टेबलाला विहीर सापडत नव्हती आणि त्याच कचेरीतलं दुसरं टेबल त्याच विहिरीचे पैसे घेऊन पावती फाडत होतं. नाना ती पावती घेऊन वकिलाकडे गेले, वकिलाने ती दोनदा वाचली आणि चष्मा काढून पुसला. त्यापाठोपाठ जुन्या पीकपाहणीत, गावनमुना बारामध्ये, पाण्याच्या साधनाच्या रकान्यात ‘विहीर’ असा शब्दही मिळाला. हायकोर्टाने प्रकरण पुन्हा खाली पाठवलं, खाली पुन्हा साक्षी झाल्या, आणि अखेर निकालपत्रात ओळ आली: ‘विहीर, एक, दगडी बांधकामाची.’

नानांनी पुढची रक्कम वाचलीच नाही. ती नातवाने वाचली.

निकाल लागला म्हणजे पैसे आले असं ज्याला वाटतं, त्याची जमीन कधी गेलेली नसते. दरखास्त दाखल करावी लागली, आणि मग एका दुपारी कोर्टाचा बेलीफ घेऊन नाना एका सरकारी कचेरीत जप्तीला गेले. वर्तमानपत्रात आपण वाचतो, अमुक कार्यालयाच्या खुर्च्या जप्त, तमुक साहेबांची गाडी जप्त. बाहेरून ते फार शूर वाटतं. आत नाना दारात चपला काढून उभे होते. बेलीफ म्हणाला, "बोला, काय काय उचलायचं?" नानांनी खोलीभर नजर फिरवली. टॉवेल घातलेली मोठी खुर्ची, तीन साध्या खुर्च्या, एक संगणक, एक न उघडणारं कपाट. पंख्याखाली एक बाई कागद टाचत होत्या. "पंखा ऱ्हाऊ द्या," नाना म्हणाले. "ताईंना उकडतंय." संगणकही नको, त्यात दुसऱ्या कुणाची तरी फाइल असेल. होता होता तीन खुर्च्या बाहेर व्हरांड्यात आल्या, आणि त्यातल्या एकीवर कचेरीचा शिपाई येऊन बसला, कारण त्याला बसायला जागा उरली नव्हती. मोठे साहेब आले, महिन्याभरात रक्कम कोर्टात भरतो असं लेखी दिलं. ते लेखी नानांनी घेतलं. कसं घेतलं, ते सांगत नाही.

पैसे आले तेव्हा वारसही उगवले. सातबाऱ्यावर सामाईकात तेवीस नावं होती, त्यांतली निम्मी नानांनी कधी पाहिली नव्हती. एक पुतण्या पुण्याहून गॉगल लावून आला आणि ‘आपल्या लढ्याला यश आलं’ म्हणाला. नानांनी आणेवारीप्रमाणे पै न् पै वाटली. प्रत्येकाला पैसे घेताना पावती करायला लावली, आणि प्रत्येकाला बजावलं, "हरकत असल तर लिही बरं. मागनं म्हणशील कुणी सांगितलं न्हाई." गॉगलवाल्याने खरंच लिहिलं. नानांना त्याचं कौतुक वाटलं. हा पोरगा पुढे जाईल म्हणाले.

आता नाना रिकामे झाले असं आम्हाला वाटलं होतं. आठ दिवस ते ओसरीवर नुसते बसून होते आणि नानी काळजीत पडल्या. नवव्या दिवशी शेजारच्या गावचा एक जण रस्त्यात गेलेल्या गुंठ्यांचं रडगाणं घेऊन आला. कागद काही नाही, पन्नास वर्षं रस्ता वापरात. नानींनी सांगितलं, की नानांनी त्याला आत बोलावून पाट दिला, पाणी दिलं, आणि पिशवी खाली काढली. 2020 च्या जानेवारीतला सुप्रीम कोर्टाचा एक निकाल आहे. हिमाचलमधल्या ऐंशी वर्षांच्या एका निरक्षर विधवेची जमीन 1967-68 मध्ये रस्त्याला गेली, छदामही मिळाला नाही. उलट, इतकी वर्षं आमच्या ताब्यात आहे तेव्हा ती आमचीच, असं सरकार म्हणालं. कोर्टाने ते धुडकावलं आणि मोबदला द्यायला लावला. नानांकडे त्याची झेरॉक्स आहे, सगळी इंग्रजी. त्यातलं एक अक्षर त्यांना वाचता येत नाही, पण कुठल्या पानावर कुठली ओळ आहे ते बोट ठेवून दाखवतात.

हे सगळं मी आजवर अनेकांना हसत हसत सांगितलं आहे. गेल्या महिन्यात मात्र बाह्यवळण रस्त्यासाठी माझ्या कुंपणालगतचे दीड गुंठे गेले आणि निवाड्याची नोटीस पोस्टाने घरी आली. नवा कायदा, शंभर टक्के दिलासा, आकडा काही वाईट नव्हता. बायको म्हणाली, सही करून टाका, फरशी बदलून घेऊ. मी चहा घेत घेत सगळी पानं वाचत होतो. जमीन बरोबर, कुंपणाची भिंत बरोबर. शेवटच्या पानावर ‘झाडे’ असा रकाना होता. त्यापुढे लिहिलं होतं, निरंक.

मी खिडकीबाहेर पाहिलं. शेवगा फुलावर होता.

"अगं," मी ओरडलो, "पाकीट कुठंय? ज्यात हे आलं ते पाकीट?"

ते ओल्या कचऱ्यात निघालं. वरून चहाचा चोथा पडलेला. मी ते धुऊन, पंख्याखाली वाळवून, पाटावर ठेवलं आणि नानांना फोन केला. ते पहिल्या गाडीने आले. पाकीट उजेडाकडे धरून त्यांनी आधी शिक्का वाचला, बोटांवर सहा आठवडे मोजले, आणि पिशवीतून एक कोरी लग्नपत्रिका काढून तिच्यावर तारीख लिहिली. मग कुंपणाशी जाऊन शेवग्याच्या खोडाला हात लावून आले.

"किती वर्षाचं झाड?"

"बारा-तेरा."

"शेंगा कुणाकुणाला दिल्यास, त्यांची नावं काढ. साक्षीला लागतील."

मी वही घेऊन बसलो. पहिलं नाव लिहिलं ते नानांचंच. त्यांनी वाकून बघितलं, चष्मा नाकावर सरकवला आणि म्हणाले, "पुढं लिही, बारीक होत्या."